दुसऱ्याच्या शेतात नांगर

जावा बेटावरच्या हमरस्त्यांवर २०१६ साल सरता सरता एक खेळ रंगात आला होता. शाळा सुटली की पोरं रस्त्याच्या कडेला उभी राहत आणि लांब पल्ल्याची बस दिसली की हातातली पुठ्ठ्याची पाटी नाचवत ओरडत, ‘ओम, टेलोलेट, ओम!’ ओम म्हणजे काका. डच निघून गेले, त्यांचा हा शब्द मागे राहिला. टेलोलेट म्हणजे बसचा तो नागमोडी, सुरेल भोंगा. ड्रायव्हरकाका खुशीत असले तर वाजवत, पोरं नाचत, कुणीतरी मोबाईलवर टिपून घेई. डिसेंबरात हे तीन शब्द जगभर इतके पसरले, की युरोप-अमेरिकेतले नामवंत डीजेही ते लिहू लागले.

पुढच्याच वर्षी मालेओ या इंडोनेशियन कंपनीने ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ हा मोबाईलवरचा खेळ आणला. तिकडे त्याला लाडाने ‘बुसिद’ म्हणतात. खेळात करायचं काय, तर बस चालवायची. शत्रू नाही, बंदूक नाही. प्रवासी घ्यायचे, टोल भरायचा, ट्रकच्या मागे रखडायचं आणि मधूनच टेलोलेट वाजवायचा. हा खेळ १० कोटींहून अधिक वेळा उतरवला गेला आहे. त्यामागे भोंग्याइतकीच दुसऱ्या एका गोष्टीची पुण्याई आहे. कंपनीने बसचा रंगवेष बदलायची मुभा दिली. कोरा साचा घ्या, त्यावर आपल्या गावच्या बस कंपनीचे पट्टे आणि अक्षरं चढवा, की तुमची बस रस्त्यावर. पुढे रंगच काय, अख्खी वाहनं बाहेरून आणून खेळात घालता येऊ लागली. यालाच मॉड म्हणतात. हा लेख लिहिताना मी अशा मॉडच्या कितीतरी चित्रफिती पाहिल्या. केरळच्या रंगीबेरंगी टुरिस्ट बस त्यात आहेत, आणि आपल्या एसटीची लाल परीसुद्धा. जावातल्या टोलनाक्यावर ती उभी असलेली पाहून क्षणभर ऊर भरून आला, हे कबूल करतो.

त्या चित्रफितींतला एक रिवाज मजेशीर आहे. मॉडची फाइल फुकट, पण कुलूपबंद. कुलपाचा पासवर्ड चित्रफितीत मधेच कुठेतरी दोन-तीन क्षण झळकतो. म्हणजे तो हवा तर सगळी चित्रफीत बघा, आणि जाहिरातींचे चार पैसे मॉड बनवणाऱ्याच्या पदरात पडू द्या. काही मॉड विकत असतात. विकत घेतलेला मॉड कुणी फुकट वाटला की बोंब उठते, ‘बोचोर!’ बोचोर म्हणजे गळती, फुटणं. आपल्याकडे पेपर फुटतो, त्यांच्याकडे मॉड फुटतो. मग फोडणाऱ्याला शिव्याशाप, पुढच्या फाइलवर आणखी भक्कम कुलूप, आणि ठळक अक्षरांत सूचना: दुसरीकडे चढवू नये, बनवणाऱ्याच्या मेहनतीची कदर करा.

आता गंमत अशी, की त्या बसवरची अक्षरं आणि रंग खऱ्या बस कंपनीचे असतात. ते घेताना कंपनीला विचारल्याचं सहसा ऐकिवात नाही. सांगाडा कधी कधी दुसऱ्याच एखाद्या खेळातून खरवडून आणलेला असतो. चोरावर मोर म्हणून हसून सोडून देता आलं असतं. पण ज्या पोराने आरशाची दांडी आणि मडगार्डचा बाक जमावा म्हणून रात्री जागवल्या, त्याचा राग खोटा नाही. त्याने काहीतरी घेतलं आणि काहीतरी घातलंही. घेतलेलं किती, घातलेलं किती, याचा हिशेब लावायला बसलं की इंडोनेशियाच्या नकलेच्या दुनियेत आपण आपोआप शिरतो.

*

मराठीत नांगर दोन आहेत, एक शेतातला आणि एक गलबताचा. इंडोनेशियन भाषेत त्याहून चमत्कारिक जोडी आहे. ‘बाजाक’ म्हणजे नांगर. भातखाचर नांगरणं ते ‘मेम्बाजाक’. गाणं, सिनेमा, पुस्तक चोरून छापणं तेही ‘मेम्बाजाक’. समुद्रावरचा चाचा ‘बाजाक लाउत’, बाजारातला चोरटा माल ‘बाजाकान’. शब्दकोशात या दोन वेगळ्या नोंदी आहेत, त्यांचं नातं जुळवू नये हे मला कळतं. तरी शेत दुसऱ्याचं आणि नांगर आपला, अशी जी तिथली साठ-सत्तर वर्षांची कहाणी आहे, तिला इतका चपखल शब्द शोधून सापडला नसता. दुसऱ्याचं शेत कसणारा आपल्याकडे खंड भरतो. इथे खंड कोणी भरला, एवढंच मला पाहायचं आहे.

मीही धुतल्या तांदळासारखा नाही. आमच्या गावात कॅसेट भरून देणारं दुकान होतं. वहीच्या पानावर गाण्यांची यादी लिहून द्यायची, साठची की नव्वदची ते सांगायचं, दोन दिवसांनी आपली निवड आपल्या हातात. यात चोरी आहे हे त्या दुकानदाराला, मला किंवा माझ्या वडिलांना कधी सुचलंसुद्धा नाही. यूएसए म्हणजे उल्हासनगर सिंधी असोसिएशन, हा विनोद सांगत मोठी झालेली आपली पिढी. मुंबईत जिला ‘फर्स्ट कॉपी’ म्हणतात तिला जकार्तात ‘कावे’ म्हणतात. क्वालिटी या शब्दाच्या डच वळणाच्या लिखाणातली ही पहिली दोन अक्षरं. त्यातही प्रती लावलेल्या असतात, कावे सुपर वगैरे. अस्सल ते ‘ओरी’. अमेरिकेच्या व्यापार प्रतिनिधीचं कार्यालय नकली मालाच्या बदनाम बाजारांची जी यादी काढतं, तिच्यात जकार्ताचं मांगा दुआ आणि मुंबईचं हीरा पन्ना ही दोन्ही नावं झळकलेली आहेत. तेव्हा पुढचं सगळं शेजारधर्माने वाचावं.

*

इंडोनेशियात नकलेची पहिली मोठी मुभा सरकारनेच दिली. डचांचा १९१२ चा लेखकहक्काचा कायदा स्वातंत्र्यानंतरही चालू होता, आणि त्याच्यासोबत बर्नच्या आंतरराष्ट्रीय कराराचं सदस्यत्वही. १९५८ मध्ये सुकार्नोंच्या इंडोनेशियाने हा करार सोडला. कारण सरळ होतं. देश नवा, लोक शिकायला आसुसलेले, परकीय पुस्तकांची भाषांतरं हवी होती आणि प्रत्येक पानासाठी लंडन-ॲमस्टरडॅमला मानधन पाठवायची ऐपत नव्हती. जे साम्राज्य साडेतीनशे वर्षं लवंग-जायफळ उचलून नेत होतं, त्याच्या पुस्तकांचे पैसे आता आपण का भरायचे, असंही कुणाच्या मनात आलं असेल तर मी त्याला दोष देणार नाही. देश त्या करारात परतला तो थेट १९९७ साली.

मधल्या काळात कॅसेट आली. सत्तर-ऐंशीच्या दशकांत इंडोनेशियात परदेशी संगीताच्या कॅसेट राजरोस छापल्या जात, मूळ कंपनीला छदामही न देता. छापणाऱ्यांची नावं होती, प्रतिष्ठा होती, चोखंदळ गिऱ्हाइकं होती. बांडुंगच्या ‘येस’ या छापावर प्रोग्रेसिव्ह रॉकचे शौकीन जीव टाकत. हे छापणारे गाण्यांचा क्रम स्वतः लावत, जागा उरली तर दुसऱ्या तबकडीतली दोन गाणी शेवटी भरत. म्हणजे अल्बमही तिकडे जसाच्या तसा कधी राहत नव्हता. आज ज्या इंडोनेशियन वादकांची वाहवा होते, त्यांच्यातल्या अनेकांचे कान या कॅसेटींवर तयार झाले.

मग १९८५ ची ‘लाइव्ह एड’ आली. इथिओपियाच्या दुष्काळासाठी लंडन आणि फिलाडेल्फियात मैफली झाल्या, आणि त्यांच्या इंडोनेशियात छापलेल्या कॅसेट परदेशी बाजारांत दिसू लागल्या. उपाशी लोकांसाठी गायलेल्या गाण्यांवरही हात मारला, म्हणून आयोजक बॉब गेल्डॉफ संतापले. जगात छी-थू झाली. १९८७ मध्ये कायदा कडक झाला, १९८८ मध्ये युरोपीय देशांशी करार होऊन जुन्या कॅसेट दुकानांतून काढाव्या लागल्या आणि परवान्याच्या नव्या आल्या, अर्थातच महाग. त्या जुन्या कॅसेट आज तिथले संग्राहक जपून ठेवतात. खंड गायकांनी भरला. त्यांतले बहुतेक गडगंज होते म्हणून कुणाला वाईट वाटलं नाही, एवढंच.

गडगंज नसलेल्या एका लेखकाची गोष्ट याच्या शेजारी ठेवली की चित्र पालटतं. प्रामुद्या अनंता तुर यांनी बुरू बेटावरच्या कैदेत, कागद मिळेना तेव्हा आपली कादंबरी सोबतच्या कैद्यांना तोंडी सांगितली. ‘बुमी मानुसिया’ छापून आली १९८० मध्ये आणि सुहार्तो सरकारने तिच्यावर बंदी आणली १९८१ मध्ये. पुढे प्रामुद्यांची पुस्तकं विद्यार्थ्यांच्या दप्तरांतून फोटोप्रतींच्या रूपात फिरली. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी योग्यकार्तात काही तरुणांना त्यांची पुस्तकं विकल्याबद्दल, वाटल्याबद्दल पकडलं आणि सात-आठ वर्षांच्या शिक्षा ठोठावल्या. त्या फोटोप्रती बाजाकान होत्या का? कायद्याने बघाल तर लेखकाला त्यांतून काही मिळालं नाही. पण त्या नसत्या तर एका अख्ख्या पिढीपर्यंत लेखकच पोचला नसता. सुहार्तो गेले, बंदीचा धाक उरला नाही. मग त्याच पुस्तकांच्या खोट्या प्रती निव्वळ नफ्यासाठी फुटपाथवर आल्या. यंत्र तेच, कागद तोच. म्हणून नकलेबद्दल सरसकट काही बोलायला मी बिचकतो.

*

पण नकलेने एखाद्याला घडवल्याची इनुलइतकी झणझणीत गोष्ट दुसरी नाही.

पूर्व जावातल्या पासुरुआन भागातली ही गरीब घरची मुलगी. लग्नाच्या मांडवांत, गावजत्रांत गायची आणि नाचायची. तिच्या कमरेच्या त्या फिरकीला लोकांनी ‘ङेबोर’ म्हणजे ड्रिलिंग असं नाव दिलं. आपल्याकडच्या तमाशाच्या फडावर नजर ठेवून वाचा म्हणजे वातावरण कळेल. मांडवात कुणीतरी कॅमेरा लावायचं, त्याची व्हीसीडी निघायची, तिच्यावरून दुसरी, दुसरीवरून दहावी. ना इनुलने कुठल्या कंपनीशी करार केला, ना कुठल्या कंपनीने तिला पाहिलं. जकार्ताच्या ग्लोदोक बाजारातून या चकत्या बेटाबेटांवर गेल्या. २००३ च्या सुरुवातीला ती राष्ट्रीय दूरचित्रवाणीवर आली, तेव्हा देशाला ती आधीच पाठ होती.

मग वादळ उठलं. इनुल गायची त्या दांगदुत संगीताचे सम्राट मानले जाणारे रोमा इरामा यांनी तिचा जाहीर धिक्कार केला, आपली गाणी तिने गाऊ नयेत असं बजावलं. वरकरणी भांडण अश्लीलतेचं, पण गाणं कुणाचं आणि ते कुणी गायचं हा प्रश्न त्याच्या पोटात होताच. इनुल पुरून उरली. पुढे तिच्या नावाची कराओके केंद्रांची साखळी देशभर उभी राहिली. त्या साखळीवर गाण्यांच्या रॉयल्टीवरून न्यायालयीन दावे झाले. चोरट्या चकत्यांवर स्वार होऊन आलेल्या बाईला दुसऱ्यांच्या गाण्यांचा खंड भरा म्हणून नोटिसा. कादंबरीत लिहिलं असतं तर संपादकाने ‘फार जुळवून आणलंय’ म्हणून खोडलं असतं.

दांगदुतच्या या भांडणात मुंबईचाही एक धागा आहे. दांगदुत हे नावच तबल्याच्या घराण्यातल्या त्यांच्या तालवाद्याच्या बोलावरून पडलेलं. पन्नास-साठच्या दशकांत तिथले वाद्यवृंद मुंबईच्या हिंदी सिनेमाची गाणी उचलून, चाल तशीच ठेवून वर आपले शब्द बसवत. मुंबईच्या कुठल्या संगीतकाराला याचे पैसे पोचल्याचं कधी ऐकलं नाही. अर्थात त्या संगीतकारांनीही क्यूबा-इटलीकडून काय काय उचललं होतं ते आपल्याला ठाऊक आहे. हा व्यवहार इंटरनेटच्या काळातही थांबला नाही. २०११ मध्ये सुलावेसीवरच्या गोरोंतालोत नॉर्मन कामारू नावाच्या पोलीस शिपायाने ड्युटीवर बसल्या बसल्या ‘छैया छैया’वर ओठ हलवले आणि ती चित्रफीत देशभर झाली. आधी वरिष्ठ संतापले, मग लोकांचं प्रेम बघून निवळले. तो टीव्हीवर चमकला आणि वर्ष संपायच्या आत पोलीस खात्यातून बडतर्फ झाला.

*

चकतीला इंडोनेशियन पोरं अजूनही ‘कासेट’ म्हणतात. प्लेस्टेशन भाड्याने खेळायला देणारी खोली म्हणजे ‘रेंताल पीएस’, आणि तिथली कासेट बहुतेक वेळा बाजाकान. फुटबॉलच्या खेळात मूळ जपानी कंपनीने रेआल माद्रिद दिलं होतं, पर्सिब बांडुंग दिलं नव्हतं. मग स्थानिक हातांनी चकती उघडली आणि पर्सिब, पर्सिजा, आरेमा आत घातले. समालोचनही इंडोनेशियन, कुठे कुठे चक्क जावानी. अमेरिकी गुंडगिरीवरच्या ‘जीटीए’ या खेळात इंडोनेशियन पोलिसांच्या गाड्या, तिथल्या मोटारसायकली आणि तिथल्या पाट्या आल्या. लॉस एंजेलिसची नक्कल असलेल्या त्या शहरात पोरं जकार्ताच्या रस्त्यावरची दुचाकी पिटाळू लागली.

मला यात नुसती फुकटेगिरी दिसत नाही. ज्या पोराचं गाव, भाषा, बस, फुटबॉल संघ जगाच्या कुठल्याच खेळात नव्हते, त्याने दार वाजवून कंटाळल्यावर मागच्या खिडकीतून आपलं सामान आत ढकललं. पुढे ‘बुसिद’ने हीच खिडकी दार म्हणून उघडी ठेवली आणि कोट्यवधी लोक सरळ दारातून आले. एवढी साधी गोष्ट मोठ्या परदेशी कंपन्यांच्या ध्यानात आली नाही.

सॉफ्टवेअरची तऱ्हा निराळी. तिथे घालण्यासारखं काही नाही, नुसतं घेणं आहे. सॉफ्टवेअर कंपन्यांचीच संघटना असलेल्या बीएसएच्या पाहणीत २०१७ साली इंडोनेशियातलं ८३ टक्के सॉफ्टवेअर विनापरवाना निघालं. भारताचा आकडा ५६ टक्के. आकडा फिर्यादीनेच मोजलेला आहे, तेव्हा थोडं मीठ घालून घ्यावा. पण ‘बागास ३१’ या क्रॅक केलेल्या सॉफ्टवेअरच्या साइटवर तिथे जे विनोद चालतात ते ऐकले की आकड्याची गरज उरत नाही. अर्ध्या देशाच्या पदव्यांच्या प्रबंधात आभाराचं पान आई-वडिलांनंतर तिच्या नावे हवं, असा त्या विनोदांचा सूर असतो.

सिनेमाच्या बाजूला असाच एक लाडका अनामिक आहे. चोरट्या इंग्रजी सिनेमांच्या खाली इंडोनेशियन ओळी लिहिणारा, ‘लेबाह गांतेंग’ या टोपणनावाचा भाषांतरकार. नावाचा अर्थ देखणी मधमाशी. सिनेमा सुरू झाला की दिग्दर्शकाच्या आधी याचं नाव झळके, आणि लोक म्हणत, चला, भाषांतर चांगलं असणार. विनोदाला विनोद, शिवीला शिवी, जकार्ताच्या तोंडची बोली. ॲनिमे आणि मांगा या जपानी चित्रपट-चित्रकथांच्या दुनियेत तर अशी मंडळंच्या मंडळं होती. कुणी स्कॅन करी, कुणी फुग्यांतलं जपानी पुसून काढी, कुणी भाषांतर करी. त्या मेहनतीला मोल होतं, याचा पुरावा असा की पुढे परवानाधारक कंपन्यांनी इंडोनेशियन ओळींसह ॲनिमे यूट्यूबवर अधिकृतपणे फुकट दाखवायला सुरुवात केली. गिऱ्हाईक या मंडळांनीच तयार करून ठेवलं होतं.

*

आता सरकारची गोष्ट. ती थोडक्यात सांगतो, नाहीतर रक्तदाब वाढतो.

नेटफ्लिक्स जानेवारी २०१६ मध्ये इंडोनेशियात आलं. त्याच महिन्याच्या शेवटी सरकारी मालकीच्या तेलकोम या दूरसंचार कंपनीने ते आपल्या जाळ्यावर बंद केलं. परवाना नाही आणि मजकूर आक्षेपार्ह, ही कारणं. ही बंदी उठली जुलै २०२० मध्ये. साडेचार वर्षं देशातल्या सर्वांत मोठ्या दूरसंचार कंपनीचे ग्राहक पैसे भरून सिनेमा बघायला गेले तर दार बंद, आणि इंडोएक्सएक्सआय या चोरट्या साइटवर तोच सिनेमा फुकट. हे नावही बेरकी आहे. ‘सिनेमा एक्सएक्सआय’ ही तिथली सर्वांत मोठी चित्रपटगृहांची साखळी, तिच्या नावालाच मॉड केलेलं. २०१९ च्या शेवटी सरकारने बडगा उगारला, इंडोएक्सएक्सआयने निरोपाची पाटी लावली, आणि जुळ्या नावांच्या साइट पावसाळ्यातल्या छत्र्यांसारख्या उगवल्या.

जुलै २०२२ च्या अखेरीस याच नाटकाचा दुसरा प्रयोग झाला. परदेशी ऑनलाइन सेवांनी मंत्रालयाकडे नोंदणी करावी असा नियम होता. ज्यांनी मुदतीत केली नाही त्यांना बंद केलं. त्यात स्टीम हे खेळ विकत घेण्याचं दुकान आणि पेपॅलही होतं. म्हणजे पैसे मोजून खेळ घेणाऱ्यांचे खेळ थांबले, आणि ज्यांचे पैसे पेपॅलमध्ये होते ते हवालदिल झाले. चोरट्या प्रतीवर खेळणाऱ्याला काही समजलंसुद्धा नाही. आरडाओरडा झाल्यावर दोन-चार दिवसांत कुलपं निघाली.

कायदा म्हणाल तर कडकच आहे. २०१४ च्या लेखकहक्क कायद्यात चोरट्या नकलेला १० वर्षांपर्यंत कैद आणि ४ अब्ज रुपियांपर्यंत दंड. पण हा गुन्हा तक्रारीवर चालणारा. मालकाने स्वतः येऊन सांगितल्याशिवाय पोलीस हलत नाहीत. आणि मालक सांगायला येणार कधी? सिनेमा बनवायचा की कोर्टाच्या पायऱ्या झिजवायच्या?

एकाने झिजवल्या. विसिनेमा या जकार्ताच्या निर्मितीसंस्थेचा ‘केलुआर्गा चेमारा’ हा सिनेमा २०१९ च्या सुरुवातीला लागला. शहरातलं घरदार गमावून खेड्यात आलेल्या एका कुटुंबाची ती गोष्ट. तो ज्या साइटवर चढवला गेला तिच्या चालकाविरुद्ध विसिनेमाने तक्रार नेटाने लावून धरली. सुमात्रातल्या जांबीच्या न्यायालयाने २०२१ मध्ये त्याला १४ महिन्यांची शिक्षा सुनावली. इथे मात्र माझी सहानुभूती खिडकीतून येणाऱ्याकडे जात नाही. या साइट जाहिरातींवर पैसा करतात, आणि त्या जाहिराती बहुधा जुगाराच्या. नायिका रडायला लागावी आणि पडद्याच्या खाली ऑनलाइन पत्त्यांच्या अड्ड्याचं नाव सरकत जावं. जुगार त्या देशात कायद्याने बंद आहे. इथे कुणी आपलं गाव सिनेमात घातलेलं नाही, नवी ओळ लिहिलेली नाही. दुसऱ्याचं उभं पीक कापून नेलं, एवढंच.

लेखकांची अवस्था याहून वाईट, कारण पुस्तक छापायला कॅमेराही लागत नाही. तेरे लिये हे तिथले अफाट खपाचे कादंबरीकार. २०१७ मध्ये लेखकांवरच्या कराच्या निषेधार्थ त्यांनी मोठ्या प्रकाशकांकडून आपली पुस्तकंच काढून घेतली होती. २०२१ मध्ये ऑनलाइन दुकानांत खोट्या प्रतींचा सुळसुळाट बघून ते खोट्या प्रती घेणाऱ्या वाचकांवरच तुटून पडले, अगदी असभ्य शब्दांत. वाचक दुखावले. आम्ही गरीब आहोत म्हणून घेतो, असं काहींचं म्हणणं. लेखक गरीब असतो तेव्हा हे वाक्य उलटं कसं ऐकू येतं, ते मराठी लेखकांना सांगायला नको.

*

गेल्या काही वर्षांत या धंद्याने कूस बदलली आहे. चकती गेली, फाइलही जवळजवळ गेली. आता विकतात ती ‘आप्रेम’, म्हणजे ॲप प्रीमियमचं लघुरूप. विक्रेते बरेचदा विद्यार्थीच. एका खात्याचे तुकडे करून विकायचे. ‘वन पी वन यू’ म्हणजे एका प्रोफाइलवर एक माणूस, जरा महाग. ‘वन पी टू यू’ म्हणजे एकावर दोघे, स्वस्त. वर हमी असते. खातं बंद पडलं तर बदलून मिळेल. हमीचा शब्द चोरीच्या बाजारात इतका पाळला जातो, की अधिकृत ग्राहकसेवेने शिकवणी लावावी.

आणि दुसरं म्हणजे मॉड एपीके, मूळ ॲप उघडून, त्यातली पैशाची कुलपं काढून पुन्हा शिवलेलं. जाहिरातीविना गाणी. शिक्क्याविना चित्रफिती जुळवणारं ‘अलाइट मोशन’, ज्याच्यावर ‘जेदाग-जेदुग’ बनतात. ठोक्यागणिक चित्र हादरवणाऱ्या त्या तुकड्यांचं हे नावच डीजेच्या दणक्यावरून पडलेलं आहे. आपल्याकडच्या दादा-भाऊंच्या वाढदिवसांच्या स्टेटसचं हे सख्खं भावंड. आणि सर्वांत लोकप्रिय ‘जीबी व्हॉट्सॲप’, निळ्या खुणा लपवणारं, समोरच्याने पुसलेला निरोपही दाखवणारं.

इथे खंडाचा जुना हिशेब उलटा होतो. २०२१ मध्ये कॅस्परस्की या सुरक्षा कंपनीला ‘एफएम व्हॉट्सॲप’ या अशाच एका अवतारात ट्रायाडा नावाचा घातकी प्रोग्रॅम सापडला. २०२२ मध्ये ‘यो व्हॉट्सॲप’मध्येही. फुकटच्या ॲपने मालकाच्या नकळत त्याला पैसे देऊन घ्यायच्या सेवांचा वर्गणीदार करून ठेवावं, त्याच्या खात्याच्या किल्ल्या बाहेर पाठवाव्यात, असा तो प्रकार. कॅसेटचा खंड गायकाने भरला, सिनेमाचा निर्मात्याने. मॉड एपीकेचा खंड वापरणारा स्वतः भरतो, आणि तोही नकळत. अनोळखी ठिकाणाहून आलेलं ॲप फोनमध्ये चढवायचं, इशारा आला की ‘तरीही चालू ठेवा’वर बोट टेकवायचं, ही सवय त्याला याच दुनियेने लावली.

त्या सवयीवर टपून बसलेले लोक २०२२ च्या शेवटी बाहेर पडले. आधी कुरियरच्या नावाने निरोप येत, तुमच्या पार्सलचा फोटो बघा म्हणून. जानेवारी २०२३ मध्ये लग्नपत्रिका आल्या. व्हॉट्सॲपवर नम्र निमंत्रण, सोबत एपीके, म्हणजे ॲपची फाइल. उघडली की पत्रिका नाहीच, फोनवरचे एसएमएस वाचणारं ॲप आत शिरलेलं. बँकेचा ओटीपी आला की तो परभारे तिसरीकडे. इंडोनेशियात लग्नाचं निमंत्रण नाकारणं म्हणजे शेजार मोडणं, त्यामुळे सावध माणसंही फसली.

दीड-दोन वर्षांत हीच पत्रिका महाराष्ट्रात येऊन पोचली. वाहतुकीच्या ई-चलनाच्या नावानेही तसलीच फाइल फिरते. तुळशीचं लग्न लागलं की आपल्याकडे पत्रिकांचा पाऊस सुरू होतो. मोबाईलवर आलेल्या पत्रिकेच्या नावाच्या शेवटी एपीके ही तीन अक्षरं असली, तर बोट आवरा आणि ज्याच्या घरचं कार्य आहे त्याला फोन लावून विचारा. तेवढ्या निमित्ताने दोन शब्द बोलणंही होईल. आणि पैसे गेलेच असतील तर १९३० हा क्रमांक त्याच तासात फिरवा.